सीन ४१ : खाली

४ ऑगस्ट, सोमवार

मोतीबिंदूचं झालं, डाव्या डोळ्याची पट्टी निघाली. पहिलं काय दिसलं, तर दवाखान्याची भिंत. दोन वर्षं तपासायला येतोय, मी तिला पिवळी समजत होतो. पांढरी आहे. बाहेर आल्यावर रिक्षा, झाडं, मंजूची साडी, सगळं कुणीतरी धुऊन वाळत घातल्यासारखं. सुटलो एकदाचा. उजवा डोळा पुढच्या महिन्यात.

पंधरा दिवस लिहिणं-वाचणं बंद. म्हणून हे चोरून, मोठ्या अक्षरात, अंदाजाने. बायको खाली स्वयंपाकघरात आहे, तिला कळायच्या आत संपवतो. डोळ्याच्या निमित्ताने नावंही आखूड करतो. मंजूची मं., निदाची नि.

नि. परवा तिचा पिक्चर घेऊन येणार, संगीत माझं. डॉक्टरला सांगितलेलं नाही.

६ ऑगस्ट, बुधवार

नि. आली. वय एकतीस, पहिलाच मोठा सिनेमा. राहते इथे भोपाळातच, अरेरा कॉलनीत, पण पिक्चर सगळा गोविंदपुऱ्यात काढलाय, एका छोट्या वर्कशॉपमध्ये. गोष्ट एवढीच, की तीस वर्षं लेथ चालवलेला माणूस आपलं वर्कशॉप बंद करतो. मारामारी नाही, लग्न नाही, विष नाही. माझ्या सीरियलमध्ये एवढ्यावर अर्धा एपिसोडही निघाला नसता.

पिक्चर थांबवत थांबवत बघायचा आणि कुठे संगीत, कुठे नाही, कसं, ते ठरवायचं. एरवी टिपणं मीच काढतो. आज डोळ्याला धार, समोर धुरकट. नि. म्हणाली, "सर, आप बस सुनिए." वही मं.कडे गेली. गणिताची बाई, रिटायर झाली तरी हात वळतोच. समास आखला. सीनचा आकडा लाल, मजकूर निळा. नि. हिंदीत सांगणार, मं. मराठीत उतरवणार. मध्येच वाचून दाखवलं, "सीन बारा, सारंगी नको, रडकं होतं." नि. म्हणाली, "आंटी, बिल्कुल यही."

तीन तास चाललं. शेवटी शेवटी मी नुसता मान हलवत होतो, डोळा चुरचुरत होता. पण पुन्हा कुणीतरी समोर बसून विचारतंय, सर, इथे काय वाटतं? सीरियलवाल्यांनी अकरा वर्षांत कधी विचारलं नव्हतं.

१० ऑगस्ट, रविवार

फळा आला.

मार्चमध्ये सीरियल सुटली. म्हणजे सीरियल चालूच आहे, मी सुटलो. त्यांनी आता संगीताचे तयार तुकडे घेतलेत, रडण्याचे वेगळे, कटकारस्थानाचे वेगळे, पाहिजे तिथे चिकटवायचे. त्या दिवशी जेवताना मी फार उदार झालो आणि मं.ला म्हणालो, दिवाळीपर्यंत दुसरं धड काम आलं नाही तर माझी वरची कामाची खोली तुझ्या क्लासला. ती नको म्हणाली असती तर बरं झालं असतं. ती म्हणाली, "पक्कं ना?"

नि.चा पिक्चर आला, पण तो आधीच ठरलेला होता. मोजायचं ते त्याच्या पुढचं.

तर फळा. तो जिन्याच्या वळणावर अडकला. वर जाईना, खाली येईना. तिथेच उभा करून ठेवलाय. येता-जाता खांदा लागतो, शर्टाला खडू लागतो. अजून कुणी खडू वापरलेला नाही, तरी लागतो.

ही खोली गेली तर मी कोण, ते मला माहीत नाही. सत्तावन्नाव्या वर्षी ह्याचं उत्तर नाही. एवढं इथे लिहितो, खाली जाऊन बोलणार नाही.

१५ ऑगस्ट, शुक्रवार

कॉलनीत झेंडा, लाउडस्पीकर, लाडू. दहानंतर काम.

वाईट खोड लागलीय. सीन बारामध्ये माणूस चहा ओततो, बस. माझा हात आपोआप पट्ट्यांवर. ढॅण. कशाला? तो चहा ओततोय. अकरा वर्षांचा व्यायाम आहे हा. सासूने पडदा ओढला, ढॅण. सुनेने पाहिलं, ढॅण. दोघींनी एकमेकींकडे पाहिलं तर तीनदा. एकदा एका एपिसोडला मी दहा सेकंद मोकळे सोडले होते, तर एडिटरचा फोन, "सर, फाइल करप्ट आई है क्या?"

आज बारा नंबरला फक्त एक तार छेडली आणि हात मांडीखाली घेऊन बसलो. झालं.

२० ऑगस्ट, बुधवार

वाचायची परवानगी. मं.ची वही पहिल्यांदा नीट पाहिली. अक्षर मोत्यासारखं. सगळ्या सीनना दोन-दोन ओळी. एकेचाळीसला एकच शब्द.

सीन ४१ – खाली.

हा पिक्चरचा कणा. माणूस शेवटची मशीन बंद करतो. संवाद नाही. मला दिलेल्या कॉपीत आवाज अजून भरलेले नाहीत, हा सीन तर मुकाच आहे. सव्वादोन मिनिटं. खाली. म्हणजे मंद्रात. वर चढायचं नाही, माणसाच्या पायाखालून जायचं. शाबास निदा, एका शब्दात सांगितलंस.

वडिलांची पायपेटी काढली. कारखान्याच्या कॉलनीतल्या गणपतीत ते वाजवायचे. भाता फाटलाय, दर दोन सुरांनंतर ती श्वास घेते. आधी तो आवाज काढून टाकायला लागलो, मग माइक उलट भात्याजवळच नेला. मंद्र प, ध, परत प. सा दिसतो पण जायचं नाही. पायाने श्वास, हाताने सूर. चौथ्या वेळेला ते आलं.

मं. चहा घेऊन आली ती दारातच उभी राहिली. "हे छान झालं हो." तिला संगीतातलं ओ की ठो कळत नाही, आणि उगाच स्तुती करायची तिला सवय नाही. म्हणून तिचं म्हणणं मी धरतो.

ती गेल्यावर रडलो थोडा. डोळ्याचं पाणी म्हणून खपेल. अकरा वर्षांत असं काही माझ्या हातून झालं नव्हतं. मला वाटलं होतं, आता होणारच नाही.

२६ ऑगस्ट, मंगळवार

सगळं पाठवलं. बावीस तुकडे. नि. आज रात्री मुंबईला. गुरुवारी प्रोड्यूसरला दाखवणार. म्हणाली, ऐकायला वेळ नाही, एडिटर परस्पर लावून घेईल, आप पे भरोसा है.

मोकळा. जिन्यात फळ्याला खांदा लागला, तर "सॉरी" म्हणालो.

२७ ऑगस्ट, बुधवार. गणेश चतुर्थी

काय करून बसलो.

सकाळी मूर्ती बसवली. मं. सारणाला लागली. आतून हाक, "अहो, गुळाचा डबा खाली आहे." मी वाकलो, ओट्याखाली डोकं घातलं, डबे सरकवू लागलो. ती हसायला लागली. "तिथे काय शोधताय? खाली आहे. संपून गेला. आणा ना पटकन."

अठ्ठावीस वर्षं हे चालू आहे. आमचं घर सांगलीहून आलेलं. वडिलांना इथल्या कारखान्यात नोकरी लागली तरी आईने घरात मराठीला हिंदीचं बोट लागू दिलं नाही. आमच्याकडे डबा रिकामा असतो. मं. ग्वाल्हेरची, तीन पिढ्या तिकडच्या. त्यांच्याकडे डबा खाली असतो. दर वेळी मी वाकतो, दर वेळी ती हसते. पाहुण्यांना सांगायचा आमचा हा ठरलेला विनोद.

आज ओट्याखालीच माझं डोकं थांबलं.

वर गेलो, वही आणली. "निदा एकेचाळीसला काय म्हणाली होती? तिच्या शब्दांत सांग."

"ती बोलली, आंटी, इसको बिल्कुल खाली छोड़ना है."

"आणि तू काय लिहिलंस?"

"खाली." पीठ लागलेल्या बोटाने तिने दाखवलं. "हे काय, लिहिलंय ना."

बिल्कुल खाली. काही नाही. एक सूर नाही. आणि मी तिथे सव्वादोन मिनिटं पेटी वाजवून ठेवली.

मं.लाही कळलं. बोट पदराला पुसलं. मग म्हणाली, "शब्द बरोबर आहे. वाचणारा चुकला." गणिताची बाई. तिची चूक नाहीच. ती बोलते तेव्हा मला कळतं, पण लिहिलेलं वाचताना मी आमच्या घरचं मराठी वाचतो. त्यात त्या दिवशी मी समोर बसून मान हलवत होतो. नि. बोलली तेव्हा मी ऐकत का नव्हतो?

गूळ आणला. मोदक झाले. किती खाल्ले आठवत नाही.

तीच तारीख, संध्याकाळ

इथे खोटं लिहायचं नाही असं ठरलेलं आहे, म्हणून लिहितो. नि.ला मेसेज टाइप केला. "४१ में ग़लती हुई है, म्यूज़िक हटा दीजिए." एवढाच. तिला उद्या दाखवायचंय, वेळ होता. बोट बटणावर ठेवलं. आणि पुसून टाकला.

कारण ते चांगलं झालंय. एकदा कुणीतरी ऐकू दे, मग सांगू.

खाली आरती चालू झाली. मं. एकटीच म्हणतेय, बेसूर. जातो.

२८ ऑगस्ट, गुरुवार

मं. : "सांगितलं का निदाला?"
मी : "फोन लागत नाही."

फोन लावलेला नाही. दीड दिवसाचा गणपती गेला. जाताना त्याच्याकडे बघवलं नाही.

२९ ऑगस्ट, शुक्रवार

नि.चा फोन, अकरा वाजता. मी उभा राहून घेतला, शाळेत छडी घ्यायचो तसा.

"सर, मैंने तो खाली बोला था."

मी सांगायला लागलो, मराठीत खाली म्हणजे नीचे... माझं मलाच हसू येण्यासारखं वाटत होतं, पण ती हसली नाही. म्हणाली, अख्खा पिक्चर मी त्या शांततेसाठी केला. चाळीस सीन मशीनचा आवाज चालू ठेवला, तो एकेचाळीसला बंद पडावा म्हणून. "और आपने वहाँ बाजा बजा दिया, सर."

पुढे ती जे बोलली त्याला मी तयार नव्हतो. प्रोड्यूसरला तोच तुकडा आवडला. थिएटरात रडला म्हणे. आता तो काढू देत नाही, जाहिरातीतही तोच लावणार. आणि माझा नंबर घेतलाय, त्याच्या पुढच्या मालिकेसाठी. वेबसाठी आहे, आठ भाग, मोठं काम.

"मेरी नहीं सुन रहे. आप बोलेंगे तो सुनेंगे."

मी म्हटलं, बघतो.

बुधवारीच मला कळलं होतं, हे मी तिला सांगितलं नाही.

१ सप्टेंबर, सोमवार

प्रोड्यूसरचा स्वतःचा फोन. "सर, वो इकतालीस! कहाँ छुपे थे आप?" भोपाळमध्ये, म्हटलं. त्याला तो विनोद वाटला.

मालिकेचं दसऱ्यापर्यंत पक्कं करू म्हणाला. म्हणजे दिवाळीच्या आधी. म्हणजे खोली राहिली. फळ्याकडे पाहिलं. ह्याला आता कुणाच्या तरी शाळेत देऊन टाकता येईल.

आनंद झाला. खोटं कशाला बोलू, फार झाला. दिवसभर काही न करता वर बसलो. बावीसातले एकवीस तुकडे नि.ला पसंत आहेत. मग एकाचं काय एवढं?

मं.ला विचारलं. म्हणाली, "राहू द्या ना. चांगलं आहे." मग पोळी लाटता लाटता, माझ्याकडे न बघता, "पण ती पोरगी काय बोलली होती ते मी माझ्या हाताने लिहिलंय."

पोळी करपली. तिच्याकडून असं होत नाही.

३ सप्टेंबर, बुधवार

रऊफभाई आले, जुन्या शहरातून स्कूटरवर, ह्या वयात, ह्या ट्रॅफिकमध्ये. माझ्या सगळ्या कामांत तबला त्यांचाच असायचा. आता बोटं दुखतात, नातीला शिकवतात. त्यांच्यासाठी मं. जुन्या भोपाळी पद्धतीचा मिठाचा चहा करते.

"को खां, मुँह क्यों लटका रखा है?"

सांगितलं सगळं, गेल्या बुधवारचा पुसलेला मेसेजसुद्धा. त्यांना सांगताना लाज वाटत नाही, त्यांनी मला चोवीस वर्षांचा असल्यापासून बेताल होताना पाहिलंय. आधी ते ओट्याखालच्या डोक्यावर भरपूर हसले. मं.कडून दोनदा सांगून घेतलं. मग चहाच्या पेल्याशेजारी टेबलावर तीनताल धरला, एका हाताने. तालातल्या 'खाली'च्या मात्रेवर आले की हात टेबलाला न लावता वर उचलत होते.

"देख रिये हो? खाली पे थाप नई पड़ रई. मगर गिनती तो चल रई है न, मियाँ? अब तुम यहाँ भी धा मार दो, तो सुनने वाले को सम का पता कां से चलेगा?"

हे मला माहीत नाही का? पहिल्या वर्षी शिकवतात. खालीचा हा तिसरा अर्थ घरात होताच की, आणि आम्ही दोघं बाकीच्या दोनांत अडकलो.

जाताना जिन्यात फळ्यावर बोटं वाजवून बघितली त्यांनी. "इसकी आवाज़ अच्छी है," म्हणाले.

५ सप्टेंबर, शुक्रवार

सकाळपासून मं.ला जुन्या विद्यार्थ्यांचे फोन, शिक्षक दिन. तिला त्या गडबडीत सोडून अरेरा कॉलनीत नि.कडे गेलो. म्हटलं, ४१ दाखव. माझ्याशिवाय. तू ऐकणार होतीस तसं.

आवाज आता भरलेत. मशीन बंद होते, पट्टा फिरत फिरत मंद होतो, थांबतो. मग काही नाही. माणूस चिंधीने हात पुसतो, ते ऐकू येतं. आणि मग बाहेरून, शेजारच्या कारखान्यातला प्रेस. ठक्. ठक्. तो चालूच आहे. ह्याचं संपलं आणि तिकडे चालू आहे. माझ्या पेटीखाली तो प्रेस बुडून गेला होता.

वडील रिटायर झाले त्या दिवशी हार घालून घरी आले. खुर्चीत बसले. जरा वेळाने आईला म्हणाले, फार शांत आहे गं इथे, मिक्सर लाव जरा. आईने काही विचारलं नाही. खोबऱ्याचे चार तुकडे टाकले आणि मिक्सर लावला. मी बारावीत होतो, मला ते विनोदी वाटलं होतं. आज नि.च्या खोलीत, त्या प्रेसच्या ठक् ठक् मध्ये, मला वडील दिसले. तिथे पेटी नकोच. त्यांचीच पेटी असली तरी नको.

नि.ला म्हटलं, मला बुधवारीच कळलं होतं. तू दाखवायच्या आधी. मेसेज लिहिला आणि पुसला.

तिने स्क्रीन बंद केला. मला वाटलं, आता जा म्हणेल.

"क्यों मिटाया?"

"अच्छा बना था."

"हाँ," ती म्हणाली. "वही तो दिक़्क़त है." आणि उठून चहा टाकला. शिव्या दिल्या असत्या तर सोपं गेलं असतं, पण चहा दिला तो बरा वाटला.

तिथूनच प्रोड्यूसरला फोन लावला, स्पीकरवर. ४१ में से मेरा म्यूज़िक निकाल दीजिए. तो म्हणाला, अरे वही तो जान है. मी म्हटलं, अच्छा है, पर इस सीन का नहीं है. मग, "आप पहले आदमी देखे मैंने जो अपना ही काम कटवा रहे हैं." ही स्तुती नव्हती. ठीक है, म्हणाला. निकाल देते हैं. मग मालिकेचं विचारण्याआधी त्यानेच सांगितलं, "उस बारे में दिवाली के बाद बैठते हैं."

दिवाळीनंतर.

घरी बसने आलो. खिडकीची जागा मिळाली. माझं सगळ्यात चांगलं काम मी आज स्वतःच्या हाताने कापलं, मालिकाही गेल्यातच जमा, आणि मी बसमध्ये शीळ वाजवत होतो. शेजारच्या बाईने पिशवी जवळ ओढून घेतली.

६ सप्टेंबर, शनिवार

मं.ला काल काही बोललो नाही, आज सांगितलं. फोन लावलाच नव्हता, हेही सांगितलं. "मालूम आहे," म्हणाली. "तुम्ही खोटं बोलता तेव्हा चष्मा पुसता. आता तर चष्मा पण नाही, शर्टाचं टोकच पुसत होतात."

नंतर जेवताना, "बरं केलं."

एवढंच. आमटी पुन्हा वाढली.

१६ सप्टेंबर, मंगळवार

उजवा डोळा झाला. भिंत ह्या वेळीही पांढरी. आता दोन्ही डोळ्यांनी दिसतं की माझी खोली भलतीच धुळीने भरलेली आहे. मं. म्हणते, तुम्हाला आत्ता दिसलं?

प्रोड्यूसरचा फोन नाही. अपेक्षाही नाही. थोडी आहे.

२७ सप्टेंबर, शनिवार

आज युनिटसाठी इथेच खेळ लावला होता. छोटं थिएटर, साठ-सत्तर माणसं. ज्यांच्या वर्कशॉपमध्ये शूटिंग झालं तेही आले होते, स्वच्छ शर्ट घालून, पहिल्या रांगेत. मं.ने जांभळी पैठणी काढली, मी म्हटलं लग्न नाहीये. म्हणाली, मला मालूम आहे.

एकोणचाळीस. चाळीस. हात मांडीखाली घेऊन बसलो. मशीन थांबली. आता कुणी खोकणार, कुणाचा फोन वाजणार. कुणी खोकलं नाही. चिंधी. प्रेस, ठक्, ठक्. पहिल्या रांगेतला एकजण पुढे वाकला, कोपरं गुडघ्यांवर. मागे एका बाईने नाक ओढलं. सव्वादोन मिनिटं मी काहीही केलं नव्हतं आणि ते बरोबर होतं. माझा श्वास सुटला तो मं.ला ऐकू गेला असावा. तिने माझा हात मांडीखालून ओढून काढला आणि धरून ठेवला. इतक्या लोकांत, अठ्ठावीस वर्षांत पहिल्यांदा.

शेवटच्या नावांत माझं नाव. त्याच्याखाली दोन ओळी सोडून, "नोट्स : मंजू आंटी". नि.चा उद्योग. मं. घरी येईपर्यंत रिक्षात चार वेळा म्हणाली, "मला विचारलं पण नाही." पाचव्यांदा ग्वाल्हेरला फोन लावून बहिणीला म्हणाली.

बाहेर पडताना पहिल्या रांगेतल्या त्या माणसाने हात मिळवला. "संगीत आपका है? बहुत अच्छा है साहब. पता ही नहीं चला." मी थँक यू म्हणालो. मनापासून म्हणालो.

४ ऑक्टोबर, शनिवार

दसरा होऊन गेला. फोन नाही.

मं.च्या क्लासला तीन नावं आली. एक पाचवी, दोन सातवी. दिवाळीनंतर सुरू. तिला मी सांगितलं, प्रोड्यूसरही दिवाळीनंतरच म्हणालाय. ती म्हणाली, "आपलं दिवाळीपर्यंत ठरलं होतं." मी म्हटलं, हो. तिने विषय वाढवला नाही, मीही नाही. दोघं फळ्याच्या दोन बाजूंनी जिना चढतो-उतरतो.

नि. येऊन गेली. नवीन काहीतरी लिहितेय, तलावावरच्या कोळ्यांचं. पैसे उभे राहिले तर. "इस बार नोट्स आप लिखेंगे सर, या आंटी?" मं. आतून म्हणाली, "मीच." हे काम म्हणायचं का? अजून कागदावरही नाही. मोजत नाही.

खोली गेली तर मी कोण, असं ऑगस्टमध्ये लिहिलं होतं. उत्तर अजून नाही. पण आता प्रश्न तेवढा बोचत नाही. ते का, हे नीट सांगता येत नाही, आणि आज सांगायचंही नाही.

१२ ऑक्टोबर, रविवार

सकाळी धूळ काढली, सगळी. जुन्या सीरियलच्या हार्डडिस्क एका खोक्यात. पायपेटी पुसली. ती कुठे ठेवायची ह्याचा विचार करत बसलो. ह्या खोलीत, की खाली हॉलमध्ये टीव्हीशेजारी. मुलं आली तर पायात येईल. नाही आली तर प्रश्न नाही. कम्प्युटरवर ४१ची फाइल होती, ती पुसायला घेतली, पुसली नाही. पिक्चरमध्ये नाही, जाहिरातीत नाही, कुणी ऐकणार नाही. राहू दे.

साडेदहा. खाली मं. चकल्यांची भाजणी भाजतेय, वास वरपर्यंत आलाय. झारा कढईला लागतो त्याच्या मधे मधे तिचं गुणगुणणं. मी आधी लक्ष दिलं नाही, आरती असेल. मग पेन थांबलं. प, ध, प. मध्ये श्वास. परत प, ध. पेटीचा श्वाससुद्धा घेतेय, बरोब्बर दोन सुरांनंतर, फाटक्या भात्यासारखा. तिला मी कधी शिकवलं नाही. दारात उभी राहून एकदा ऐकलं होतं, नंतर मी वर वाजवत होतो तेव्हा जिन्यातून ऐकलं असेल, फळ्याशी थांबून.

डबा उघडल्याचा आवाज. गुणगुणणं थांबलं. "अहो, तिखटाचा डबा खाली आहे!"

"आलो," म्हटलं. बसूनच.

पुन्हा सुरू केलंय तिने. ध जरा उतरतोय. जाऊन सांगावं, की राहू द्यावं?